आणखी एक वर्ष

मराठी ख्रिस्ती मंडळ्यांत ३१ डिसेंबरच्या रात्री वर्षअखेरची उपासना होते. अकराच्या सुमारास लोक जमतात, बाराला घंटा वाजते, एकमेकांचे हात हाती घेतले जातात, चहा आणि केक होतो आणि शाली सावरीत मंडळी घरोघर परततात. त्या रात्रीचा उपदेश बहुधा ठरलेला असतो. आयुष्य म्हणजे अळवावरचे पाणी. आणखी एक वर्ष हातातून गेले. वेळ थोडा आहे, तेव्हा तो सत्कारणी लावा. मग सत्कारणी लावणे म्हणजे काय याची यादी येते : पहाटेची प्रार्थना, शास्त्रवाचन, रविवारची हजेरी, मंडळीच्या कामातला सहभाग, दशांशाचे देणे. आम्ही हा उपदेश चाळीसहून अधिक वर्षे ऐकत आलो आहोत. तो खोटा आहे असे आम्ही म्हणणार नाही. परंतु तो अपुरा आहे, आणि एका महत्त्वाच्या अर्थाने ख्रिस्ती नाही, असे आमचे मत होत चालले आहे. ते येथे मांडतो.

आमची तक्रार अशी, की या उपदेशात देव मुनीम होतो आणि माणूस खातेदार. अमुक तास जमा, अमुक तास वाया. असा हिशेब मांडायला परमेश्वराची गरजच नाही. कोणतेही कार्यालय तो मांडते आणि अधिक चोख मांडते. शिवाय या हिशेबात एक गोष्ट गृहीत धरलेली असते : माझा वेळ हा माझा आहे, तो मी कमावलेला आहे, आणि तो कसा गुंतवायचा एवढाच काय तो प्रश्न आहे. ख्रिस्ती विचाराचा आरंभ नेमका हे गृहीतक नाकारण्यापासून होतो, अशी आमची समजूत आहे. ती समजूत पुस्तकांपेक्षा एका जिल्ह्याच्या संगतीने अधिक स्पष्ट झाली. तो जिल्हा म्हणजे पूर्वीचे उस्मानाबाद, आजचे धाराशिव.

या जिल्ह्याला आयुष्याच्या क्षणभंगुरतेवर उपदेश करण्याचे धाडस कोणी करू नये. ३० सप्टेंबर १९९३. आदल्या रात्री गणेशविसर्जन झालेले, लोक उशिरा निजलेले. पहाटे चारला काही मिनिटे कमी असताना भूकंप झाला. लातूर जिल्ह्यातील किल्लारीचे नाव जगभर गेले. पण तेव्हाच्या उमरगा तालुक्यातील सास्तूर आणि आसपासची गावेही त्याच पहाटे जमीनदोस्त झाली. दोन्ही जिल्ह्यांत मिळून आठ ते दहा हजारांच्या दरम्यान माणसे गेली. दगडमातीच्या जाड भिंती आणि वर मातीचे जड माळवद, अशी ती घरे. उन्हाळ्यात गारवा देणारे, पिढ्यांनी थर देत जाड केलेले छप्परच अंगावर आले. ज्यांनी आयुष्य सत्कारणी लावले होते आणि ज्यांनी नव्हते, असा भेद त्या माळवदाने केला नाही. पाळण्यातल्या मुलांनी कोणता वेळ वाया घालवला होता?

हा प्रश्न नवा नाही. लूककृत शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात तो जवळजवळ याच रूपात येतो. यरुशलेमेत शिलोहचा बुरूज कोसळून अठरा माणसे मेली होती. ती काही इतरांहून अधिक पापी होती काय, असे येशू स्वतःच विचारतो आणि स्वतःच नाही म्हणून सांगतो. पश्चात्तापाची सूचना तो देतो. पण मेलेल्यांचा हिशेब मांडत नाही. आणि लगेच, श्वास घ्यायलाही न थांबता, एक दृष्टान्त सांगतो. द्राक्षमळ्यात अंजिराचे एक झाड आहे. मालक तीन वर्षे फळ शोधत येतो, मिळत नाही. तोडून टाक, उगाच जागा अडवते आहे, असे तो माळ्याला म्हणतो. माळी म्हणतो, धनी, एवढे वर्ष राहू द्या. मी भोवती आळे खणतो, खत घालतो. मग आले फळ तर आले, नाही तर तोडा. दृष्टान्त येथेच थांबतो. मालकाने काय उत्तर दिले आणि पुढच्या वर्षी झाडाला फळ आले की नाही, हे सांगितलेले नाही.

कोसळलेला बुरूज आणि आणखी एक वर्ष, ही दोन चित्रे शेजारीशेजारी ठेवण्यात फार मोठा अर्थ आहे. वर्षअखेरच्या उपदेशात या दृष्टान्ताचे तात्पर्य काढले जाते ते झाडाच्या बाजूने : झाडा, तुला एक वर्ष मिळाले आहे, लवकर फळ दे. परंतु दृष्टान्तात झाडाला कोणी काहीच सांगत नाही. झाडाने घाई करावी अशीही अपेक्षा नाही. ते वर्ष झाडाने कमावलेले नाही. ते दुसऱ्या कोणीतरी त्याच्यासाठी मागून घेतले आहे, आणि मागताना स्वतःचे श्रम तारण ठेवले आहेत. खणणार माळी, खत वाहणार माळी. थोडक्यात, येथे काळ म्हणजे भांडवल नव्हे. काळ म्हणजे मुदत. आणि मुदत नेहमी कोणाच्या तरी शब्दावर मिळते.

मुदत हा शब्द मराठवाड्यात समजावून सांगावा लागत नाही. सोसायटीच्या कर्जाची मुदत, बँकेच्या नोटिशीतली मुदत, पीकविम्याच्या अर्जाची मुदत, सावकाराच्या तोंडी कराराची मुदत. येथला शेतकरी वर्षाचे महिने यांवरच मोजतो. म्हणूनच पौलाने एफिस आणि कलस्सै येथील मंडळ्यांना लिहिलेल्या पत्रांतील एक क्रियापद आम्हांस येथे विशेष आठवते. आपण त्याचा अर्थ बहुतेक वेळा संधी साधणे, वेळेचा सदुपयोग करणे असा घेतो. तो चुकीचा नाही. पण मूळ ग्रीक क्रियापदात बाजारातून मोल देऊन सोडवून आणण्याचा भाव आहे. मराठीत त्याला अगदी जवळचा व्यवहार आहे : गहाण पडलेले रान सोडवणे. रान आपले असते, पण आपल्या हाती नसते. किंमत मोजल्याखेरीज ते परत येत नाही. बहुधा ती किंमत जो मोजतो त्याच्या हयातीत त्या रानाचे पीक त्याला फारसे मिळतही नाही. ते पोरांना मिळते.

काळ असा गहाण पडलेला आहे, असे मानले तर प्रश्नाचे रूपच पालटते. मी माझ्या वेळेचे काय केले, हा प्रश्न दुय्यम होतो. माझ्या हाती असलेल्या मुदतीतून मी कोणाचा गहाण पडलेला काळ सोडवला, हा प्रश्न पुढे येतो.

येथे जिल्ह्याचे दुसरे दुःख टाळून पुढे जाता येत नाही. शेतकरी आत्महत्यांच्या बातम्यांत धाराशिवचे नाव गेली अनेक वर्षे येत राहिले आहे. निती आयोगाने २०१८ साली आकांक्षित जिल्ह्यांची यादी केली, तीत महाराष्ट्रातील चार जिल्ह्यांत हाही होता. ज्या माणसाला उद्याचा दिवसच नकोसा झाला आहे, त्याच्यापुढे उभे राहून वेळ थोडा आहे, तो सत्कारणी लाव, असे सांगण्यासारखी क्रूर गोष्ट दुसरी नाही. त्याला आयुष्य थोडे आहे याचे दुःख नसते. ते संपत नाही याचे असते. त्याला हवा असतो दुसऱ्या कोणाचा तरी वेळ. दोन तास ओट्यावर बसणारा शेजारी. तहसिलीत त्याच्यासोबत रांगेत उभा राहणारा पुतण्या. याला आणखी एक वर्ष द्या, आळे मी खणतो, असे धन्याला सांगणारा कोणी माळी. जो उपदेश फक्त झाडाशी बोलतो आणि माळ्याची जागा रिकामी ठेवतो, तो या जिल्ह्यात निरुपयोगी आहे. आणि जो येथे निरुपयोगी, तो पुण्या-मुंबईच्या गादीवरही निरुपयोगीच. तेथे ते लवकर लक्षात येत नाही एवढेच.

माळ्याची जागा रिकामी न ठेवणारे लोक फार दूर शोधावे लागत नाहीत. भूम-परंड्याच्या सीमेला लागून, पूर्वीच्या अहमदनगर आणि आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यात जामखेड आहे. डॉ. रजनीकांत आरोळे आणि डॉ. मेबल आरोळे या ख्रिस्ती दांपत्याने १९७० मध्ये तेथे ग्रामीण आरोग्याचे काम सुरू केले. १९६० साली विवाह करतानाच खेड्यातील गरिबांसाठी आयुष्य द्यायचे असा निर्धार त्यांनी केला होता. वेल्लोरचे वैद्यकीय शिक्षण, वडाळ्याच्या मिशन रुग्णालयातील अनुभव, नंतर अमेरिकेतील उच्च शिक्षण, असे सारे हाती असलेले हे दोघे. त्यांनी दवाखाना काढून चोवीस तास रुग्ण तपासले असते, तरी कोणी त्यांना वेळ वाया घालवला असे म्हटले नसते. उलट, वर्षअखेरच्या उपदेशातले ते आदर्श ठरले असते.

परंतु त्यांना लवकरच कळले, की दोन डॉक्टरांचे आयुष्य कितीही ताणले तरी एका तालुक्याला पुरणार नाही. म्हणून त्यांनी आपला वेळ गावागावांतील बायकांना शिकवण्यात घातला. त्यांतल्या कित्येक निरक्षर होत्या, कित्येक दलित होत्या, कित्येकींना घरातही कोणी नावाने हाक मारत नव्हते. त्यांनी बाळंतपणे केली, अतिसारात मुलांना मीठ-साखरेचे पाणी पाजले, स्वच्छ पाण्याचा आग्रह धरला, कुष्ठरोग्याला दाराशी बसू दिले. आरंभी या भागात हजार जन्मांमागे पावणेदोनशेच्या आसपास अर्भके वर्षाच्या आत जात. पुढील दोन दशकांत कामाखालच्या गावांत हे प्रमाण विशीच्या आसपास आले. आणखी एक वर्ष या शब्दांचा याहून शब्दशः अर्थ आम्हांस ठाऊक नाही. १९७९ मध्ये या दांपत्याला मॅगसेसे पुरस्कार मिळाला. मेबल १९९९ मध्ये आणि रजनीकांत २०११ मध्ये गेले. काम थांबले नाही, कारण ते त्यांनी आपल्यापाशी ठेवलेच नव्हते.

इथवर सारे गोड आहे. पण आमच्या म्हणण्यावर एक आक्षेप येतो, आणि तो आम्ही स्वतःच स्वतःवर अनेकदा घेतला आहे. जो देवासाठी आणि लोकांसाठी आयुष्य उधळतो, तो नेमके कोणाचे आयुष्य उधळत असतो? त्याचे एकट्याचे?

हा आक्षेप समजून घ्यायला पुन्हा जिल्ह्यात, तेरणेकाठच्या तेरला यावे लागते. तेर म्हणजे प्राचीन तगर. दोन हजार वर्षांपूर्वी समुद्रापार व्यापार करणारे नगर. आणि तेर म्हणजे संत गोरोबाकाकांचे गाव. गोरोबांची कथा महाराष्ट्रात ठाऊक नाही असे घर विरळा. भजनात देहभान हरपून गोरा कुंभार माती तुडवतो आहे. रांगते मूल त्या चिखलात येते. ते पायाखाली तुडवले जाते आणि त्याला कळतही नाही. पुढे विठ्ठल प्रसन्न होतो, मूल परत मिळते, कथा सुखान्त होते. आम्ही लहानपणी ती भक्तीच्या तल्लीनतेची कथा म्हणून ऐकली. वय वाढले तशी ती आम्हांस धाक घालू लागली. कारण चमत्कार सोडून दिला तर उरते ते एवढेच : देवाच्या नावाने इतके रमलेला बाप, की पायाखाली आपले मूल आहे हे त्याला दिसले नाही. परंपरेने हे दुःख झाकले नाही, मुलाच्या आईचा आक्रोश कथेतून काढून टाकला नाही, यात तिची थोरवी आहे. येशूच्या दृष्टान्तातही यरीहोच्या वाटेवर अर्धमेल्या माणसाला टाळून जातात ते याजक आणि लेवी. दोघेही देवाच्या सेवेतले. ते कोणत्या कामाला निघाले होते हे दृष्टान्त सांगत नाही. वाटेत पडलेल्या माणसासाठी त्यांच्याकडे वेळ नव्हता, एवढे मात्र सांगतो.

मराठी ख्रिस्ती समाजाने हा धडा वाचायला तेरलाच जावे असे नाही; तो त्याच्या स्वतःच्या सर्वोत्तम ग्रंथात आहे. नारायण वामन टिळकांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. त्यानंतरची सुमारे पाच वर्षे लक्ष्मीबाईंनी त्यांच्यापासून दूर, लहान मुलाला घेऊन, नातेवाइकांच्या आधाराने काढली. पुढे दोघे एकत्र आले आणि लक्ष्मीबाईंनीही आपल्या विचाराने ख्रिस्ती धर्म स्वीकारला. टिळक म्हणजे हातात आलेला पैसा दाराशी आलेल्याला देऊन मोकळे होणारे, कोणालाही घरी जेवायला आणणारे, मनात आले की उठून चालू लागणारे. ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून प्रसिद्ध होऊ लागली. त्यांतले हे प्रसंग वाचताना आपण हसतो, कारण लक्ष्मीबाई स्वतः हसतात. पण प्रत्येक प्रसंगाखाली एक न मांडलेला हिशेब आहे : टिळकांनी परक्यांना दिलेला प्रत्येक तास घरात कोणीतरी भरून दिला होता. टिळकांचा मोठेपणा आम्ही कमी करीत नाही. पण त्यांचे आयुष्य सत्कारणी लागले असे म्हणताना, ते दोघांच्या आयुष्यांनी मिळून लागले, असे म्हणण्याची शिस्त आपण पाळली पाहिजे.

पंडिता रमाबाईंच्या बाबतीतही तेच. केडगावच्या मुक्तिसदनात दुष्काळांतून आलेल्या शेकडो मुली-बायकांना त्यांनी आधार दिला, आणि त्या व्यापात हिब्रू व ग्रीक शिकून सोप्या मराठीत बायबलचे भाषांतर केले. या कामाला त्यांची कन्या मनोरमा हिने आपले सारे तारुण्य दिले. निजामाच्या राज्यात, आजच्या धाराशिव जिल्ह्याला लागून असलेल्या गुलबर्ग्याच्या बाजूला, जी मुलींची शाळा निघाली ती तिच्याच पुढाकाराने. २४ जुलै १९२१ रोजी, चाळिशीत, मनोरमा गेली. आई मागे राहिली. रमाबाईंच्या चरित्रात हे एक वाक्य म्हणून येते. ते एका वाक्यात वाचून पुढे जाणे आम्हांस जमत नाही.

मग काय करावे? आयुष्य राखून ठेवावे काय? तसे आम्ही सुचवीत नाही. येशूच्या दुसऱ्या एका दृष्टान्तातला श्रीमंत कोठारे पाडून मोठी कोठारे बांधायला निघतो आणि त्याच रात्री त्याचा जीव मागितला जातो. राखून ठेवण्याचा शेवट तेथे सांगितलेला आहे. आमचे म्हणणे एवढेच, की देताना पायाखाली पाहावे. ज्या मुदतीवर आपण जगतो तिची किंमत देवाने मोजली आहे हे खरेच. पण बायकोने, आईने, बहिणीने, मंडळीच्या स्वयंपाकघरात रात्रभर भांडी घासणाऱ्या बाईनेही मोजली आहे. त्यांच्या वेळेची नोंद न करणारी भक्ती म्हणजे दुसऱ्याच्या रानावर काढलेले कर्ज.

आणि आणखी एक गोष्ट. पूर्णत्वाचा हट्ट सोडावा. टिळकांनी ‘ख्रिस्तायन’ हे येशूचे ओवीबद्ध चरित्र लिहायला घेतले आणि ९ मे १९१९ रोजी ते गेले तेव्हा दहा-अकरा अध्यायांपलीकडे काम गेले नव्हते. उरलेले जवळजवळ सगळे लक्ष्मीबाईंनी लिहिले. ज्यांना लिहावाचायला लग्नानंतर नवऱ्याने शिकवले त्या लक्ष्मीबाईंनी, उतारवयात. शेवटचा हात मुलाने, देवदत्त टिळकांनी फिरवला. १९३८ मध्ये ग्रंथ आला तेव्हा लक्ष्मीबाईंनाही जाऊन दोन वर्षे झाली होती. रमाबाईंची गोष्ट अशी सांगतात, की मुद्रिते तपासून होईपर्यंत त्यांनी देवाकडे दहा दिवसांची मुदत मागितली आणि ते काम पुरे होताच त्या गेल्या. ती तारीख ५ एप्रिल १९२२. संपूर्ण बायबल छापून आले १९२४ मध्ये. दहा दिवसांच्या कथेत श्रद्धेचा अंश किती हे आम्ही ठरवीत नाही. पण छापील, बांधलेला ग्रंथ त्यांनी हाती घेतला नाही, हे तारखाच सांगतात. ज्यांचे काम आजही टिकून आहे त्यांतल्या कितीजणांनी ते पुरे झालेले पाहिले? दृष्टान्तातल्या माळ्याला तरी फळ दिसले की नाही, कोणास ठाऊक.

द्राक्षमळ्याच्या आणखी एका दृष्टान्तात संध्याकाळी, काम संपायला एक तास उरला असता आलेल्या मजुरालाही दिवसभर राबणाऱ्याइतकीच मजुरी मिळते. आमच्यासारख्या, ज्यांची संध्याकाळ सुरू झाली आहे अशांना हा दृष्टान्त फार जवळचा वाटतो. लक्ष्मीबाई अशाच संध्याकाळी मळ्यात उतरल्या होत्या. मालकाने तासांचा हिशेब मांडला असता, तर मराठीला ‘ख्रिस्तायन’ मिळाले नसते.

या साऱ्याची सांगड आमच्या मनात ज्या प्रसंगाने घातली, तो या जिल्ह्याच्याच मुख्य गावातला. १० ते १२ जानेवारी २०२० या काळात ९३ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन तेव्हाच्या उस्मानाबादेत भरले. संमेलनस्थळाला गोरोबाकाकांचे नाव दिले होते. अध्यक्ष होते वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो. या संमेलनाचे पहिले ख्रिस्ती अध्यक्ष. निवड जाहीर झाल्यापासून काहींनी विरोध चालवला होता, उद्घाटक ना. धों. महानोर यांनी जाऊ नये म्हणून त्यांच्यावरही दडपण आणले गेले. महानोर आले. फादरही आले. पाठीच्या दुखण्याने ते बेजार होते आणि न येण्याला सबळ कारण होते. आजारी माणसाने प्रकृतीला जपावे, असे कोणीही म्हटले असते. त्यांनी ती मुदत येथे येऊन खर्च केली. पर्यावरण, मराठी भाषा, अभिव्यक्तीचे स्वातंत्र्य आणि धर्मांधतेविरुद्ध बोलण्याचे लेखकाचे कर्तव्य या विषयांवर ते बोलले. त्यांनी तेथे आपल्या समाजासाठी काही मागून घेतले नाही. भूमिका माळ्याची होती.

त्यांचे आयुष्यही त्याच वळणाचे. १९८३ ते २००७ ‘सुवार्ता’ मासिकाचे संपादन. हरित वसईच्या लढ्यात विहिरींचे पाणी आणि झाडे वाचवण्यासाठी रस्त्यावर उतरणे. आणि या धावपळीत ‘सुबोध बायबल’, जे २०१० मध्ये प्रसिद्ध झाले. त्यातील नव्या करारासाठी त्यांना साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार मिळाला. आत्मकथनाला त्यांनी नाव दिले ‘नाही मी एकला’. आयुष्याचा हिशेब मांडताना पहिल्या ओळीतच इतरांना जमा धरणारे ते नाव आहे. २५ जुलै २०२४ रोजी ते गेले. वसईची झाडे वाचली काय, पाणी राहिले काय, मराठी शाळा टिकल्या काय? काही वाचले, बरेच गेले. त्यांचे काम अपुरे राहिले असे कोणी म्हटले, तर आम्ही वाद घालणार नाही. ते हाती घ्यायला कोण पुढे येतो, असे मात्र विचारू.

तेरच्या गोरोबांची दुसरी कथा सर्वांना ठाऊक आहे. संतमंडळी जमलेली असताना त्यांनी हातातील थापटण्याने एकेकाचे डोके थापटून पाहिले, आणि मार लागल्याची तक्रार करणाऱ्या नामदेवांना कच्चे मडके ठरवले. त्या गावात रामलिंगप्पा लामतुरे यांनी जमवलेल्या वस्तूंचे संग्रहालय आहे. दोन हजार वर्षांपूर्वीची मातीची भांडी, खापरे आणि बाहुल्या तेथे मांडल्या आहेत. पावसाने उघडी पडलेली खापरे गावकऱ्यांनी रोजच पायाखाली पाहिली असणार. एका माणसाने वाकून ती उचलली, म्हणून तगर आपल्याला दिसते. ख्रिस्ती शास्त्रातही माणूस कुंभाराच्या हातची माती आहे, आणि पौलाच्या लेखी अमोल ठेवा मातीच्याच भांड्यात ठेवलेला आहे. भांडे किती दिवस टिकले यावर त्याची परीक्षा होत नाही. ज्याला तहान होती त्याला त्यातून पाणी मिळाले काय, यावर होते.

येत्या वर्षअखेरीस आम्ही पुन्हा त्या उपासनेला जाऊ. पाळकसाहेब वेळ थोडा आहे असे सांगतील, आणि ते खरेच आहे. आमची त्यांना नम्र विनंती इतकीच, की घंटा वाजण्यापूर्वी पाच मिनिटे मंडळीला शांत बसू द्यावे आणि प्रत्येकाला दोन नावे आठवू द्यावीत. ज्याच्या शब्दावर आपल्याला हे वर्ष मिळाले, त्याचे एक. आणि ज्याच्यासाठी आपण येत्या वर्षी धन्याकडे मुदत मागणार आहोत, त्याचे दुसरे. ज्याला दुसरे नाव आठवणार नाही, त्याने घरी जाताना वाटेत पायाखाली पाहत जावे. असो.